पेटीतली हाळी

आमची स्वतःची जमीन म्हणजे घरापुढचं अंगण, आणि तेही पावसाळ्यात अर्धं गटारीत जायचं. शहाद्याहून एसटीने थोडं पुढे, डांबरी सडकेला लागून आमचं गाव. चहूकडे केळी, ऊस, कापूस, पपई. सगळं हिरवंगार, आणि त्यातलं एक पानसुद्धा आमचं नाही. वडील, त्यांना आम्ही दादा म्हणायचो, केळीच्या गाड्या भरायला जायचे. त्यांच्या एकूण एक सदऱ्यांवर खांद्याशी केळीच्या चिकाचे काळे डाग होते. तो चीक कुठल्याच साबणाने जात नाही. शाळेत गुरुजींनी पालकांना बोलावलं की मी सांगायचे, दादा बाहेरगावी गेलेत. घर एका खोलीचं, वर पत्रा. चुलीकडच्या अंगाला आम्ही झोपायचो, दाराकडच्या अंगाला शेळी. सकाळी ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आणि ठेचा, संध्याकाळी भाकरी आणि बांधावर जे उगवलं असेल ते. कधीमधी डाळीचे वाफवलेले फुणके झाले तर त्या दिवशी मी आणि माझा मोठा भाऊ रवी, आम्ही भांडत नसू. तोंड रिकामंच नसायचं.

आमच्या घरात एकच गोष्ट मोठी होती, ती म्हणजे मायचा आवाज. आमच्याकडे रब्बीला दादर पेरतात, म्हणजे थंडीतली ज्वारी. कणसात दाणा भरायला लागला की चिमण्या आणि पोपट थव्याने उतरतात, आणि मग शेतात माळा उभा करून त्यावर माणूस बसवावा लागतो. आमच्या शिवारात तो माणूस म्हणजे माझी माय. गोफण सगळेच फिरवतात, डबाही सगळेच बडवतात. मायची हाळी वेगळी होती. खाली पोटातून सुरू व्हायची, चढत चढत जायची, वर गेल्यावर थरथरायची आणि मग काठी मोडावी तशी एकदम तुटायची. हाऽऽहाऽऽ हुर्रर्र हो! तीन-चार शेतांपलीकडचा थवासुद्धा उठायचा. ज्यांच्या शेतात ती राखणीला असायची ते हिंमत बापू म्हणायचे, "वहिनी म्हंजे बिनइजना भोंगा शे." दादा त्यावर म्हणायचे, "मन्हासंगे हळू बोलस म्हनीसन मन्हा कान वाचेल शेतस." खळं झालं की बापू राखणीची दादर टोपल्याने घालायचे, आणि त्या टोपल्यांवर आमचा उन्हाळा निघायचा. म्हणजे मायचा आवाजच आम्ही भाकरी करून खायचो. हे मी आज म्हणते. तेव्हा मला तो आवाज नको वाटायचा. सडकेने शाळेत जाताना मैत्रिणी म्हणायच्या, "कल्पना, तुझी आई बोलावते बघ," आणि खिदळायच्या. मी पाय उचलून चालायला लागायचे.

रवीभाऊ बारावीत दोनदा बसला आणि मग शहाद्याच्या एका डीजेवाल्याकडे कामाला लागला. सुरुवातीला वायरी गुंडाळायच्या, बॉक्स उतरवायचे. मग मालकाने गाणी बनवायचं सॉफ्टवेअर दाखवलं आणि हा त्यातच बुडाला. दुकानाच्या मागच्या खोलीत एक जुना कॉम्प्युटर होता, त्याचा पंखा पिठाच्या गिरणीसारखा वाजायचा. मी कॉलेजला जाऊ लागले तेव्हा बस यायला वेळ असला की त्या खोलीत जाऊन बसायचे. तिथे मला कळलं की ही गाणी कोणी वाजवत नाही, ती जुळवतात. सुरतेहून पेनड्राइव्हमध्ये पॅक यायचे. पॅक म्हणजे सुट्या आवाजांचं गाठोडं: ढोलाचा एक ठोका, एक टाळी, एक शिट्टी, कुणीतरी एकदाच ओरडलेलं 'हे!', पोलिसांच्या गाडीचा भोंगा, तुटणारी काच. ते उचलायचे, ओळीने मांडायचे, वर खानदेशी गाणं बसवायचं, की झालं रिमिक्स. रवीभाऊ मला समजावून सांगायचा, "कल्पे, तू भाजीले मसाला कथाईन लयस? पुडीमाईन ना? तशी ही पुडी शे."

पण पुडी सगळ्यांकडे एकच होती. नंदुरबारचा डीजे असो, अक्कलकुव्याचा असो, पार नवापूरचा असो, ठोका तोच, टाळी तीच, 'हे!' म्हणणारा माणूसही तोच. हळदीत नाचणारी पोरं गाणं सुरू होण्याआधीच सांगायची, आता काच फुटेल. डीजेवाल्यांची आपसांत रीत होती: पॅक द्या, पॅक घ्या. पैशाची बात नाही. तुमच्याकडे असलेलं माझ्याकडे नसेल तर मी माझ्याकडचं काहीतरी नवं द्यायचं. ज्याच्याकडे नवं नाही त्याला कोणी दारात उभं करत नसे, आणि रवीभाऊकडे नवं काहीच नव्हतं. बारावी नापास, बापाच्या सदऱ्यावर चीक, त्यात दुसऱ्या डीजेवाल्यांची पोरं त्याला 'उष्टं वाढणारा' म्हणायची. हे त्याने मला फार पुढे सांगितलं. तेव्हा तो नुसता चिडचिड करायचा आणि चहाच्या कपात बिडी विझवायचा.

एका थंडीत तो मायची भाकरी घेऊन माळ्यावर गेला. माळ्याखाली बसून, मोबाईल गुडघ्यावर ठेवून, त्याने मायची हाळी रेकॉर्ड केली. मायला वाटलं, पोरगं सावलीला बसलंय. उन्हाळ्यात त्याचं गाणं आलं. या गाण्यांत एक जागा असते, सगळं वाजणं क्षणभर थांबतं, नाचणारे हात वर करून श्वास धरतात, आणि मग बेस कोसळतो. त्या रिकाम्या जागेत त्याने मायला ठेवलं. थोडं ताणून, थोडं घोगरं करून. हाऽऽहाऽऽ हुर्रर्र हो! आणि धडाम. त्या लग्नसराईत शहादा, तळोदा, प्रकाशा, कुठल्याही वरातीत ते गाणं वाजल्याशिवाय नवरदेव घोड्यावरून उतरेना. मग पॅकवाले दारात आले. रवीभाऊने दिलं, बदल्यात भरपूर घेतलं. पावसाळाभर तो आवाज या पेनड्राइव्हमधून त्या पेनड्राइव्हमध्ये फिरला, आणि वाटेत कोणीतरी त्याचं बारसं केलं: आंटी हॉर्न.

मी तो पहिल्यांदा ऐकला शहाद्याच्या स्टँडवर, एका रिक्षात. गर्दीत मायने हाक मारावी तशी मी मान वळवली, आणि बघते तर रिक्षावाला मान डोलावतोय. माझे कान तापले. तशीच दुकानात गेले. रवीभाऊ हसतच होता. "वळखं का?" मी म्हटलं, "मायला सांगितलंस?" त्याने कॉम्प्युटरचा आवाज कमी केला. म्हणाला, सांगेन, नीट वेळ बघून सांगेन, तू नको सांगू. मायच्या कानावर ते जाण्याचा संभवही नव्हता. ती वरातीत जायची नाही, आणि लांबून गावात येतो तो फक्त बेस. पत्रा थरथरतो, शेळी कान टवकारते. आवाज सडकेवरच राहतो.

मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होते. आमच्या भावकीत कॉलेजचं तोंड बघितलेलं दुसरं कोणी नव्हतं, त्यामुळे मी ताठ होते. आहेच. त्या वर्षी वक्तृत्वात माझा पहिला नंबर आला, आणि गॅदरिंगमध्ये बक्षीस मिळणार होतं. मी हट्टाने मायला बोलावलं. दादांना नाही बोलावलं. (सदऱ्याचं मी वर लिहिलंच आहे.) मायने लग्नातलं हिरवं पातळ नेसलं, माळा एका दिवसासाठी शेजारणीला सोपवला, आणि एसटीच्या खिडकीत बसून शहाद्यापर्यंत शेतांतली कणसं बघत आली. कॉलेजच्या दारात चपला काढायला लागली. मी म्हटलं, "माय, देऊळ नाही हे." तरी तिने त्या हातात घेतल्या आणि सभागृहात खुर्चीखाली नीट जोडून ठेवल्या.

बक्षीस झालं. माय टाळ्या वाजवत नव्हती, दोन्ही हात मांडीवर घट्ट धरून बसली होती, पण मला माहीत होतं की ती टाळीच आहे. मग नाच सुरू झाले. दुसऱ्या वर्षाच्या मुलींनी ते गाणं घेतलं होतं. मी स्टेजच्या बाजूला, हातात ढाल घेऊन उभी. शेजारी माझी वर्गमैत्रीण स्नेहल, डॉक्टरांची मुलगी, मनाने अगदी चांगली. गाणं थांबलं, मुलींनी हात वर केले, आणि छताला टांगलेल्या त्या मोठ्या बॉक्समधून माझी माय ओरडली. सगळं सभागृह तिच्याबरोबर ओरडलं. मी मायकडे बघितलं. तिने पटकन पदर उचलून तोंडावर धरला होता. बाजूच्या बाईकडे बघून मान हलवत होती, मी नाही, मी नाही. तिला वाटलं, आवाज तिच्याच तोंडातून गेला.

स्नेहल हसत म्हणाली, "काय गं ही आंटी! पिऊन ओरडते वाटतं."

मी म्हटलं, "आंटी नाही. माझी माय आहे ती. ती बघ, तिसऱ्या रांगेत, हिरवं पातळ."

मला अजूनही वाटतं, मी दुसरं काही म्हणायला नको होतं. मी खोटं बोलले असते तर आज हे लिहायला बसलेच नसते. पण खरं बोलून झालं काय, तर स्नेहलचे डोळे चमकले. ती म्हणाली, "अगं, मग लपवतेस काय? स्टार आहेत काकू!" आणि मी हात धरायच्या आत ती माईकवाल्या मुलाच्या कानाला लागली. त्याने जाहीर केलं. पोरांनी खुर्च्या वाजवल्या. दोन मुली मायला हाताला धरून वर घेऊन आल्या. ती अनवाणी होती, चपला खुर्चीखालीच राहिल्या. माईकवाला म्हणाला, "काकू, एकदा होऊन जाऊ द्या! आवाज पोहोचला पाहिजे सातपुड्यापर्यंत!"

मायने माईककडे बघितलं, मग वर छताकडे. माझ्याकडे नाही. सगळं गप्प झालं होतं, म्हणजे गाण्यातली तीच रिकामी जागा. तिने घसा खाकरला. माईकमधून ते खाकरणं एवढं मोठं आलं की मागून कोणीतरी फिसकन हसलं. मग ती हळूच म्हणाली, "बेटा, आठे पाखरं कोठे शेतस?"

हशा काय झाला! वाईट नव्हता तो, हे मला कळत होतं. माईकवालाही हसत म्हणाला, "काकू, आम्हीच सगळे पाखरं!" आणि माय तशीच उभी. शेवटी मशिनीवर बसलेल्या मुलाने वेळ जातोय म्हणून बटण दाबलं. माय स्टेजवर तोंड मिटून उभी, आणि वरून तिचा आवाज कोसळला. पोरं नाचायला लागली. तिला खाली कोणी उतरवायचं, हे कोणाच्याच लक्षात नव्हतं. मी गेले.

(गेल्या महिन्यात धुळ्याला एका लग्नात जेवताना तो आवाज पुन्हा ऐकला. खूप संथ केलेला, खाली कसलं तरी परदेशी संगीत. ज्याने तो घेतला त्याला माळा माहीत नसेल, दादर माहीत नसेल, आणि त्याचा काही दोषही नाही. पण ताट ठेवून मी हात धुवायला गेले आणि नळ उगीचच सोडून ठेवला.)

घरी आल्यावर मायने पातळ घडी करून ठेवलं, चूल पेटवली, आणि रवीभाऊ आल्यावर भाकरी थापता थापताच बोलली. आरडाओरडा नाही. तिला घरात कधीच मोठ्याने बोलता यायचं नाही. "तुनी माले इचारं व्हतं का?"

रवीभाऊचा चेहरा आधी उजळला होता. "माय, तुन्हा आवाज पार सुरतले गया! लोके बेभान नाचतस."

"मी काय इचारी ऱ्हायनू?"

"इचारतू तं तू नही म्हनती."

मायने भाकरी तव्यावर टाकली. "मंग उत्तर तुले माहीतच व्हतं," ती म्हणाली. दादा मध्ये पडले, "जाऊ दे, पोऱ्यानी काय चोरी करी का?" त्यावर माय फक्त म्हणाली, "मन्ही हाळी पाखरेसले व्हती. माणसेसले नही." त्या रात्री भाकरी करपली आणि आम्ही सगळ्यांनी ती तशीच खाल्ली.

गावात बातमी आमच्या एसटीच्या आधीच पोहोचली होती. दुसऱ्या दिवशी माय माळ्यावर चढली, आणि सडकेवर मोटारसायकली थांबायला लागल्या. "आंटी, हॉर्न मारो!" गावातलीच पोरं, तिला कालपर्यंत काकू म्हणणारी. तिने हाळी दिली की खालून धडाम म्हणायची आणि नाचायची. मायने हाळी बंद केली. गोफण फिरवली, पत्र्याचा डबा बडवला. पण पाखरं डब्याला भीत नाहीत. दोन-चार दिवसांत सडकेकडच्या पट्ट्यातली कणसं वरून मोकळी दिसायला लागली.

मग जे झालं ते रवीभाऊने केलं आणि चांगल्या मनाने केलं, म्हणून ते सांगायला जास्त जड जातं. त्याला वाटलं, आपल्यामुळे माय अडचणीत आली, तर आपणच सोडवू. मोबाईलमध्ये मायची मूळ हाळी होती, ताणलेली नाही, संगीताशिवायची. ती त्याने एका मेमरी कार्डात भरली, दुकानातला एक जुना बॉक्स घेतला, बॅटरी जोडली, आणि बापूंच्या शेतात माळ्यावर बसवून दिला. ठरावीक वेळाने आपोआप हाळी होईल. मायला म्हणाला, "आते तू आराम कर. वरडू नको. पोरेबी पेटीसंगे काय मस्करी करतीन?" त्याला खरंच वाटलं होतं की माय माळ्याखाली सावलीत बसेल आणि टोपली तशीच येत राहील.

बापू संध्याकाळी घरी आले. माणूस वाईट नव्हता. पाणी प्यायले, दादरीबद्दल बोलले, आणि उठता उठता म्हणाले, "वहिनी, रागे भरू नका. पेटीमा आवाज तुमनाच शे, पन पेटीले भाकर लागत नही. औंदा तुमी घर बशीसन आराम करा." दादा चिकाच्या डागाकडे बघत बसले. रवीभाऊ उठून दारात जाऊन उभा राहिला. माय बापूंना म्हणाली, "च्या तं लई जा."

माय आराम करणाऱ्यातली नव्हती, आणि उन्हाळा तर यायचाच होता. आमच्या गावातल्या बायांना घ्यायला पहाटे एक गाडी यायची, नंदुरबारला मिरचीच्या पथारीवर न्यायला. मैदानभर लाल मिरच्या वाळत घातलेल्या असतात, त्यांची देठं खुडायची. माय आजवर तिथे कधी गेली नव्हती. मिरचीचा खकाणा घशात बसतो म्हणून, घसा राखायचा म्हणून. आता ती रोज त्या गाडीत चढायला लागली. संध्याकाळी आली की हात ताकात बुडवून बसायची. तोंडाला बांधलेला फडका सोडला की त्यावर तांबूस डाग असायचे. जेवताना खोकायची, झोपेत खोकायची. आणि वाऱ्याची दिशा बरोबर असली की आमच्या अंगणात बापूंच्या शेतातून तिचीच हाळी यायची, गोल, दणदणीत, एकसारखी. ती ऐकत माय खोकत बसायची. मी पुस्तक उघडून त्यात डोकं घालायचे, पण एक ओळही वाचत नसे. माझं शिक्षण, माझी ढाल, माझं खरं बोलणं, या सगळ्याची मला इतकी लाज वाटायची की दिवा मालवला की बरं वाटायचं.

पाखरं किती दिवसांत शहाणी झाली, मला सांगता येणार नाही. मी एका सकाळी कॉलेजला जाताना बघितलं. पेटीतून हाळी झाली, एकही चिमणी उडाली नाही. पुन्हा झाली. एक पोपट उलट उडत आला आणि पेटीवरच बसला, तिथे बसून कणीस खायला सोयीचं होतं म्हणून. माझं हसू फुटलं आणि लगेच डोळ्यांत पाणी आलं. हाळी तीच, चढ तोच, तुटणं त्याच जागी. नाचणाऱ्या पोरांना जसं आता काच फुटेल हे माहीत असायचं, तसं पाखरांनाही आता 'हो' येईल हे पाठ झालं होतं.

बापू पुन्हा आले. या वेळी पाणीसुद्धा मागितलं नाही. "वहिनी, पाखरं पेटीवर बशी ऱ्हायनात."

माय खोकली, मग म्हणाली, "मंग पेटीले सांगा ना, बापू. तिन्हा आवाज मन्हापेक्षा मोठा शे." हे ती बोलली, आणि दुसऱ्या दिवशी गाडीत न चढता शेताकडे निघाली. पीक बापूंचं होतं, पण लहानपणापासून दादर राखणाऱ्या बाईला पाखरं खाताना बघवत नाही. रवीभाऊ आमच्या आधी पोहोचला होता. त्याने पेटी खाली काढली, खांद्यावर टाकली, आणि मायकडे न बघता सडकेने चालता झाला. दुकानातल्या गाण्यातून त्याने तो आवाज काढला, पण बाकीच्यांच्या पेनड्राइव्हमधून कसा काढणार? गोफणीतून सुटलेला दगड कुठल्या शेतात पडला, कोण शोधतं?

मायने माळ्यावर उभं राहून तोंड उघडलं. हाळी निघाली, पण चढली नाही. मध्यावर फाटली आणि खोकला आला. तिने पुन्हा केलं, पुन्हा तेच. तिने डबा उचलला.

माझी परीक्षा जवळ आली होती आणि मी पुस्तकं घेऊन सोबत गेले होते. मी शिडी चढले. सडक समोर, तीवरून कॉलेजची एसटी जाणार, हे मला माहीत होतं. मी ओरडले. ती हाळी नव्हती, शेळीचं पाय अडकल्यावरचं ओरडणं होतं ते. खालून कोणीतरी म्हणालंच, "अरे, छोटी आंटी!" मी कानापर्यंत लाल झाले. मायच्या खोकल्यात पहिल्यांदा हसू मिसळलं. "नरडीमाईन नको. पोटमाईन काढ," ती म्हणाली. मी काढली. दर वेळी वेगळी निघायची, कधी मध्येच चिरकायची, कधी उगीच लांबायची. एकसारखी मला दोनदा कधी जमलीच नाही. पाखरांना पाठ करायला काही मिळेना, ती उडत राहिली. मी माळ्यावर बसून राज्यशास्त्र वाचलं, पानापानाला उठून ओरडले, आणि एसटी गेली की पुस्तक तोंडापुढे धरलं. दादर निघाली तेव्हा सडकेकडचा पट्टा गेला होता, बाकीची वाचली. बापूंनी टोपली भरून घातली.

निकाल आला तो पावसाळा सुरू झाल्यावर. रवीभाऊने मोबाईलवर बघितला आणि दुकानातून सायकल हाणत घरी आला. माय बापूंच्या कापसात निंदायला गेली होती. मी बांधावर गेले, ती ओळीत वाकलेली होती. मी म्हटलं, "माय, पास झाले." तिने खुरपं खाली ठेवलं, कंबर धरून सरळ झाली. मग तिने तोंड दुसरीकडे वळवलं, लांब उसाकडे, जिथे दादा त्या दिवशी कामाला होते. आवाज आधी घासला, अडला, मग कुठून कोण जाणे चढला.

"मन्ही आंडेर बीए पास व्हयनीऽऽ!"

शेतं ओलांडून गेला तो. बाया उठून उभ्या राहिल्या. उसातून दादांनी काहीतरी ओरडून विचारलं, मायने तेच पुन्हा सांगितलं, या वेळी अर्ध्यावर खोकत. सडकेवर दोन मोटारसायकली थांबल्या, पोरं इकडे बघायला लागली. आणि मी, खरं सांगते, त्या वेळीही ओढणीशी चाळा करत खाली मातीकडे बघत उभी होते, कधी एकदा ती पोरं जातात म्हणून.

त्यानंतर मायने दादर राखली, पण त्या चढाची हाळी पुन्हा दिली नाही. पॅकमध्ये आहे ती. मी द्वितीय श्रेणीत बी.ए. झाले. आमच्या घरात पदवी घेणारी मी पहिली.